रिलीव्हर येईपर्यंत

सर्वपित्री अमावास्येच्या दुपारी स्वानंदी डबा घेऊन स्टेशनाकडे निघाली, तेव्हा तिच्या मनात भुताखेताचं काही नव्हतं. एका हाताने बाबागाडी ढकलायची, दुसऱ्या हाताने डबा सरळ धरायचा आणि खीर सांडू द्यायची नाही, एवढीच काळजी. बाबागाडीत आठ महिन्यांची सिद्धी झोपली होती. डब्यात भाजणीचे वडे, भात, गवारीची भाजी, आमसुलाची चटणी, आणि वर घडी करून ठेवलेलं केळीचं पान, इंडियन शॉपच्या फ्रीजरमधलं. ऑकलंडमध्ये पितरांनासुद्धा फ्रोझन पानावर जेवावं लागतं, असं तिचा नवरा देवव्रत सकाळी म्हणाला होता. देवव्रत फार्मसिस्ट. पितरांवर त्याचा विश्वास यथातथाच, पण वड्यांवर पुरेपूर. नैवेद्य झाला की वडे झाकून ठेव, मी लवकर येतो, एवढं बजावून तो कामाला गेला होता.

टोटारा लेन हे दक्षिण ऑकलंडमधलं एक इवलंसं स्टेशन. समोरासमोर दोन आखूड फलाट, एक काचेची शेड, दोन बाकं, कार्ड टेकवायचे खांब, आणि रूळ ओलांडायला पायी जाणाऱ्यांसाठी फाटक. कोपऱ्यावर एक डेअरी, म्हणजे आपलं वाण्याचं दुकान. तिकीट खिडकी नाही, पोर्टर नाही, स्टेशनमास्तर तर नाहीच नाही. सकाळी ऑफिसला जाणारी माणसं यायची, संध्याकाळी तीच माणसं परत उतरायची, आणि मधल्या वेळात तिथे वारा असायचा. सप्टेंबरचा महिना होता, साल २०१४. कुंपणापलीकडचा कोवाई वृक्ष पिवळाधमक फुलला होता आणि भुरभुर पाऊस येऊन जाऊन होता.

आता श्राद्धाचं पान घेऊन कोणी स्टेशनावर जातं का? पण स्वानंदीच्या वडिलांचं पान दुसरीकडे कुठे मांडणार?

तिचे वडील मोरेश्वर, घरात सगळे त्यांना आबा म्हणायचे, उभा जन्म रेल्वेत होते. दौंड-मनमाड मार्गावरच्या एका आडस्टेशनाचे स्टेशनमास्तर. न थांबणारी गाडी आली की हे पांढराशुभ्र शर्ट गळ्यापर्यंत बटणं लावून फलाटावर ताठ उभे राहायचे, हिरवा झेंडा आडवा धरायचे, इंजिनापासून शेवटच्या डब्यापर्यंत एकेका चाकावर नजर ठेवायचे. शेवटचा डबा गेला, गार्डाने हात दाखवला, की म्हणायचे, “गाडी सुखरूप गेली.” त्याआधी रुळाकडे पाठ करायची नाही. आणि त्याहून मोठा नियम म्हणजे, रिलीव्हर, म्हणजे पुढच्या पाळीचा मास्तर, येऊन चार्ज घेईपर्यंत जागा सोडायची नाही. ड्यूटी संपली, पोटात भूक आहे, घरी पाहुणे आलेत, काहीही असो. स्वानंदीच्या बारशाला आबा नव्हते, कारण रिलीव्हर आजारी पडला होता. आई जन्मभर हे बोलून दाखवायची. आबा मिशीत हसायचे आणि म्हणायचे, “खुर्ची रिकामी नव्हती ना राहिली?”

आई गेल्यावर, २०१२ साली, ते लेकीकडे न्यूझीलंडला काही महिने राहायला आले. सुरुवातीला घरात त्यांचा जीव रमेना. मग एक दिवस त्यांना हे स्टेशन सापडलं. दुसऱ्या दिवसापासून आबा इस्त्रीचा पांढरा शर्ट आणि पॉलिश केलेले बूट घालून टोटारा लेनवर हजर. कागदाचे कपटे उचलायचे, म्हाताऱ्यांना हात द्यायचा, आणि गाडी आली की फलाटाच्या टोकाला उभं राहून देवव्रतच्या स्वयंपाकघरातला हिरवा नॅपकिन आडवा धरायचा. त्या नॅपकिनच्या कोपऱ्याला चहाचा डाग होता, तो कधी गेला नाही. आठवड्याभरात ड्रायव्हर त्यांना बघून भोंगा वाजवायला लागले. हेमी नावाचा एक धिप्पाड माओरी ड्रायव्हर तर एकदा मुद्दाम सुट्टीच्या दिवशी भेटायला आला, आणि त्यांच्या रीतीप्रमाणे आबांच्या नाकाला नाक लावून गेला. आबांनी घरी येऊन सांगितलं, “माणूस खानदानी आहे.”

स्वानंदी सिग्नल इंजिनीअर होती. त्या मार्गावरच्या बऱ्याच फाटकांच्या घंटा आणि दिवे तिने स्वतः तपासून चालू केले होते, टोटारा लेनचेसुद्धा. आबांना केवढा अभिमान! फलाटावर जो भेटेल त्याला, मग तो सामोअन असो की चिनी, ते आपल्या इंग्रजीत सांगायचे, “माय डॉटर मेक धिस बेल.” आडस्टेशनच्या मास्तरची पोर परदेशात फाटकं बांधते, हे सांगताना त्यांची मान आणखी दोन बोटं वर व्हायची.

परत जायच्या आदल्या दिवशी त्यांनी विचारलं होतं, “माझ्या माघारी इथे कोण उभं राहणार गं?”

“कोणी नाही आबा. इथे लागतच नाही. सगळं ऑटोमॅटिक आहे. मीच तर केलंय.”

“असू दे ऑटोमॅटिक,” आबा म्हणाले होते. “गाडीकडे बघणारं माणूस लागतं.”

पुढच्या वर्षी ऑक्टोबरमध्ये, दौंडच्या घरी, ओसरीवरच्या खुर्चीत बसल्या बसल्या आबा गेले. स्वानंदी सात महिन्यांची पोटुशी. डॉक्टरांनी विमानाला साफ नाही म्हटलं. सगळं चुलतभाऊ समीरने केलं. आबांच्या उशाशी हिरवा नॅपकिन होता, तो त्याने चितेवर त्यांच्या उजव्या हातात ठेवला. दहाव्याला भीमेच्या घाटावर पिंड मांडला आणि कावळा काही शिवेना. समीरने फोन लावून धरला होता. स्वानंदी इथे अंधारात पलंगावर बसून ऐकत होती. कोणी म्हणालं, घर विकणार नाही. कोणी म्हणालं, स्वानंदीकडे लक्ष देऊ. कावळे आले, कठड्यावर बसले, पिंडाकडे बघून उडून गेले. दुपार कलली. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिववला. आबांना काय हवं होतं, ते कोणालाच कळलं नाही. ते न कळणं स्वानंदीला वर्षभर सलत होतं.

म्हणून ती आज पान घेऊन आली होती. मुलीने हे करावं की नाही, यावर काकूने फोनवर बरंच सुनावलं होतं. स्वानंदीने ऐकून घेतलं होतं आणि वड्यांची भाजणी भिजवली होती.

फलाटावर चिटपाखरू नव्हतं. तिने अगदी टोकाला, आबा उभे राहायचे तिथे, पान मांडलं. भाताची मूद, वर वडा, वाटीत खीर. पाणी फिरवलं, हात जोडले आणि बाबागाडीपाशी जाऊन उभी राहिली. या देशात साळुंक्या आहेत, चिमण्या आहेत, समुद्रपक्षी तर उकिरड्यावरसुद्धा आहेत. कावळा तेवढा नाही. तिने मनाशी ठरवलं होतं की जो पक्षी येईल तो आबांचा.

पक्षी आले. लाल चोचीचे समुद्रपक्षी कुंपणावर ओळीने बसले. एरवी माणसाच्या हातातले चिप्स पळवणारी ही जात. पण त्या दिवशी एकही खाली उतरला नाही. दोन साळुंक्या पानाजवळ आल्या, माना वाकड्या करून बघितलं आणि मागे सरल्या. शहराकडे जाणारी एक गाडी आली, थांबली, गेली. भातावर पावसाचे थेंब पडत होते. स्वानंदीला रडू यायला लागलं. इथेसुद्धा, आबा? माझ्या हातचंसुद्धा नाही?

आणि मग तिला एकदम उमगलं. इतकं सोपं होतं की आपण वर्षभर कुठे शोधत होतो, याचंच तिला नवल वाटलं. ती पानासमोर गुडघ्यांवर बसली.

“आबा, तुम्हाला रिलीव्हर हवाय ना? मी शब्द देते. तुमची जागा रिकामी राहणार नाही. इथे गाडीकडे बघायला आपल्या घरातलं कोणी ना कोणी राहील.”

फाटकाची घंटा वाजायला लागली.

स्वानंदीने मान वळवून पाहिलं. लाल दिवे उघडझाप करत होते. रूळ दोन्हीकडे लांबवर रिकामे होते. रुळावर चाक आल्याशिवाय ही घंटा वाजूच शकत नाही, याची हमी देण्याचाच तर ती पगार घेत होती. घंटा वाजतच राहिली, आणि मग वारा आला. भसकन आला, थांबला. पुन्हा भसकन आला, थांबला. फलाटाच्या कडेला उभं राहिल्यावर धावत्या गाडीचा एकेक डबा अंगावर येऊन जातो, तसा. तिचे केस उडत होते, पानाची कड फडफडत होती. कोळशाच्या धुराचा वास आला, आणि त्यात मिसळलेला चंदनी साबणाचा, आबांच्या अंगाला यायचा तसा. कुंपणावरचे पक्षी सगळे मिळून माना फिरवत होते, डावीकडून उजवीकडे... पुन्हा डावीकडून उजवीकडे... डबा गेला, की पुढचा डबा.

फार वेळ चाललं ते. मग घंटा आपोआप थांबली.

भाताच्या मुदीला एका बाजूने चिमूट घेतल्यासारखा खळगा पडला होता. पक्षी जागचे हलले नव्हते. खरं तर तिने बाबागाडी घेऊन पळत सुटायला हवं होतं, पण तिची छाती भरून आली. घाटावर सगळे पुरुष, गुरुजी, भाऊबंद ज्यापुढे हरले, ते तिला कळलं. आबा तिच्या हातचं जेवले. ती हसत होती आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. बाबागाडीत सिद्धी जागी झाली होती. रडत नव्हती. तिचा उजवा हात दुलईतून बाहेर आला होता आणि आडवा, सरळ धरलेला होता. स्वानंदीने तो आत घातला आणि दुलई नीट केली.

पुढच्याच आठवड्यात हेमी भेटला. तिची गाडी तोच घेऊन आला होता. खिडकीतून डोकं बाहेर काढून म्हणाला, “किआ ओरा, स्वानंदी. तुझे वडील परत आलेत, सांगितलं नाहीस.”

“कुठे... कुठे दिसले तुला?”

“कुठे म्हणजे? त्यांच्या जागेवर. काल संध्याकाळी. वरचं बटण लावलेलं, हातात हिरवं फडकं. मी भोंगा दिला.”

आबा वारले हे सांगायचं तर ही वेळ होती. पण स्वानंदीच्या तोंडून निघालं, “हो, आलेत.” आणि असं म्हणताना तिची मान आपोआप दोन बोटं वर झाली.

घरी तिने देवव्रतला सगळं सांगितलं. तो जेवता जेवता थांबला.

“तुला भीती नाही वाटत?”

“माझ्या बापाची कसली भीती?”

“तसं नाही गं. माणूस गेला की त्याने पुढे जावं. स्टेशनवर काय ठेवलंय?”

“तुला नाही कळायचं,” ती म्हणाली. “तुमच्या दुकानाला कुलूप लागतं. स्टेशनाला लागत नाही.”

सिद्धी झोपली का ते देवव्रत दोनदा बघून आला.

दीड-दोन वर्षं अशीच गेली. स्वानंदीला आबा कधी दिसले नाहीत. पण ड्रायव्हरांना दिसत होते, हे तिला पुरेसं होतं. नव्या विजेच्या गाड्या सुरू झाल्या तेव्हा त्या पहिल्यांदा टोटारा लेनवरून जाताना तिने फलाटाच्या टोकाकडे बघून मनात म्हटलं, बघा आबा, हे सिग्नल माझे. ऑफिसात तिला बढती मिळाली. बॉटनी डाउन्सला घर घ्यायचं ठरलं, कारण देवव्रतची फार्मसी तिथेच होती. सगळं मनासारखं चाललं होतं. फक्त हेमी भेटला की हल्ली पूर्वीसारखा हसत नसे.

एका सकाळी तो फलाटावर उतरून तिच्याजवळ आला. “एक बोलू? म्हातारा थकलाय. पूर्वी मला हात दाखवायचा. आता माझ्याकडे बघतच नाही. मागे बघत असतो, गाडी जिकडून येते तिकडे. माझी गाडी निघून जाते, तरी तो बघतच असतो... अजून डबे यायचे राहिलेत, असा.”

“हेमी, मी तुला एक सांगितलं नाही...”

“सांगू नकोस. मला पहिल्याच दिवशी कळलं. पाऊस धो धो पडत होता आणि त्याचे बूट कोरडे होते.” त्याने टोपी काढून हातात घेतली. “आमच्याकडे अशा माणसाला घरी पाठवतात. घरच्याच कोणीतरी सांगायचं असतं. तू सांग त्याला, आता जा म्हणून.”

ती वेळ लवकरच आली. नव्या गाड्या लांब, टोटारा लेनचा फलाट आखूड आणि चढणारी माणसं मोजकी. २०१६ च्या हिवाळ्यात स्टेशन बंद करायचं ठरलं. गाड्या तिथून न थांबता जाणार, फाटक कायमचं बंद होणार. त्या फाटकाची घंटा काढण्याचं काम कोणाकडे आलं असेल? स्वानंदीकडेच. ती नाही म्हणू शकली असती. पण तिने चालू केलेली घंटा दुसऱ्या कोणी बंद करावी, हे तिला पटलं नाही.

शेवटची गाडी संध्याकाळी होती. पाच वाजताच अंधारून आलं होतं आणि धुकं उतरलं होतं. देवव्रत आणि अडीच वर्षांची सिद्धी तिच्याबरोबर आले होते. हेमीने गाडी काढली, लांबलचक भोंगा दिला, आलेली चार माणसं फोटो काढून पांगली. देवव्रत मोटार आणायला कोपऱ्यावरच्या डेअरीकडे गेला. स्वानंदीने फाटकाजवळची पेटी उघडली, वीज तोडली, घंटेच्या तारा स्वतःच्या हाताने सोडवल्या आणि पेटीला कुलूप लावलं. एका हाताचं बोट सिद्धीने धरून ठेवलं होतं.

घंटा वाजायला लागली.

तारा सुटलेली घंटा. ती बंद पेटीकडे बघत राहिली. मग वारा आला, भसकन... थांबला... भसकन... आणि धुराचा, साबणाचा वास. तिने हळूच मान वळवली.

फलाटाच्या टोकाला आबा उभे होते. पांढरा शर्ट, पाठ ताठ, हातात नॅपकिन आडवा धरलेला. पण तो हात खाली झुकला होता. चेहरा ओढला होता, आणि डोळे धुक्यात, डबे जिकडून येत होते तिकडे लागलेले. रुळांवर काहीच नव्हतं. तरी त्यांची नजर एकेका चाकावरून सरकत होती. स्वानंदीच्या लक्षात आलं की सर्वपित्रीच्या त्या दुपारपासून ही गाडी चाललीच आहे. तिचा शेवटचा डबा आलाच नव्हता.

“आबा...”

त्यांनी मान वळवली नाही. आवाज तोच होता, फक्त फार दुरून आल्यासारखा. “रिलीव्हर आला नाही का गं अजून?”

“आले आबा. मी आले. द्या इकडे.”

आता ते वळले. तिच्याकडे बघितलं, तिच्या केशरी जाकिटाकडे, कमरेच्या किल्ल्यांकडे, आणि त्या ओढलेल्या चेहऱ्यावर असा काही अभिमान उजळला की तिला आपण दहावीला पहिल्या आलो तो दिवस आठवला.

“तू? तू ऑफिसर आहेस. ऑफिसर फलाटावर उभा राहत नाही.” त्यांनी पुन्हा रुळाकडे नजर टाकली. “घरातलं कोणी ना कोणी, म्हणाली होतीस.”

“हो आबा.”

“शब्द?”

तिचा ऊर इतका भरून आला होता, की ती काय कबूल करते आहे हे तिचं तिला उमगलं नाही. “शब्द,” ती म्हणाली.

आबांनी नॅपकिनची नीट घडी घातली. मग ते वाकले. न पाहिलेल्या नातीला जाता जाता आशीर्वाद देतायत, असं स्वानंदीला वाटलं. तिने डोळे मिटले, हात जोडले. हात जोडताना सिद्धीने धरलेलं बोट तिने सोडवून घेतलं.

“चार्ज दिला,” आबांचा आवाज आला.

“टा,” सिद्धी म्हणाली. इथल्या बालवाडीत कोणी काही हातात दिलं की मुलं म्हणतात, तसं.

स्वानंदीने डोळे उघडले, तेव्हा आबा रुळाकडे पाठ करून चालले होते. जन्मात पहिल्यांदा. धुक्यात त्यांचा पांढरा शर्ट थोडा वेळ दिसला आणि मग दिसेनासा झाला. घंटा थांबली. सिद्धीने उजवी मूठ घट्ट मिटली होती. मोटारीत बसवताना देवव्रतने ती उघडून पाहिली. मुठीत काही नव्हतं. हाताला चंदनी साबणाचा वास मात्र येत होता, आणि देवव्रत म्हणाला, “डेअरीत हल्ली हाही साबण ठेवतात वाटतं.”

त्यानंतर टोटारा लेनवर कोणी काही पाहिलं नाही. हेमीने मुद्दाम फोन करून सांगितलं, जागा मोकळी आहे, तू चांगलं केलंस. स्वानंदी बॉटनी डाउन्सच्या नव्या घरी राहायला गेली. त्या उपनगराला रेल्वेच नाही. सगळ्यात जवळचा रूळ कितीतरी मैल लांब, भोंगासुद्धा ऐकू येत नाही. दर सर्वपित्रीला ती मागच्या अंगणात पान ठेवायची आणि एक साळुंकी येऊन लगेच चोच मारायची. बाप सुटला, आपण सोडवला, ही गोष्ट ती कोणाला सांगत नसे, पण मनात बाळगून असे.

२०१९ च्या मे महिन्यातली संध्याकाळ. देवव्रत पुकेकोहेहून आणलेला फ्लॉवर चिरत होता, स्वानंदी कुकर लावत होती. सिद्धी पाच वर्षांची, शाळेत जाणारी. तिला मराठी सगळं कळायचं, पण तोंडून इंग्रजीच निघायचं. जेवायला ये म्हटलं की ‘नॉट हंग्री’, आणि आजोबांचा फोटो दाखवला की ‘हू इज दॅट?’ ती बाहेरच्या खोलीत रंगीत ठोकळे मांडत बसली होती.

ठोकळ्यांचा आवाज थांबला. खिडक्या बंद होत्या, पण स्वयंपाकघराचा पडदा भसकन फुगला. खाली पडला. पुन्हा फुगला.

“कुठून येतोय हा वारा?” देवव्रत म्हणाला.

स्वानंदी बाहेरच्या खोलीच्या दारात जाऊन उभी राहिली. सिद्धी अंगणाकडच्या काचेसमोर होती. शाळेच्या शर्टाचं गळ्याजवळचं बटण लावलेलं. पाठ ताठ, टाचा जुळवलेल्या, उजवा हात खांद्याच्या रेषेत आडवा. हातात हिरवा नॅपकिन होता, आणि त्याच्या कोपऱ्याला चहाचा डाग होता. काचेपलीकडे लाकडी कुंपण होतं, दुसरं काही नव्हतं. पोरीची नजर त्या कुंपणावरून डावीकडून उजवीकडे सरकत होती... पुन्हा डावीकडून उजवीकडे... न चुकता, एकेक.

किती छान उभी राहिली आहे, हा स्वानंदीच्या मनात आलेला पहिला विचार. अगदी आबांसारखी. तिची मान नकळत वर झाली, डोळे भरून आले. आणि मग तिची नजर नॅपकिनच्या त्या डागावर गेली, चितेवर आबांच्या हातात ठेवलेल्या त्याच नॅपकिनच्या.

“सिद्धी... बाळा, इकडे बघ.”

सिद्धीने रुळाकडे पाठ केली नाही. स्वच्छ मराठीत, दौंडकडच्या हेलात, ती म्हणाली, “रिलीव्हर आला नाही का गं अजून?”